शासनाविरुद्धचे अपील आणि समेटाचा मार्ग

जिल्हा न्यायालयाच्या दैनिक कामकाजाची यादी पाहिली असता एक पक्षकार वारंवार आढळतो. कोठे तो वादी असतो, कोठे प्रतिवादी. कोठे अपीलकर्ता, तर कोठे उत्तरवादी. त्याचे नाव महाराष्ट्र शासन. नावापुढे कधी जिल्हाधिकारी, तर कधी कार्यकारी अभियंता असे पदनाम जोडलेले असते, एवढाच फरक. शासनाच्या या दावेदारीचा प्रश्न नवा नाही. विधि आयोगाने १९८४ मधील शंभराव्या आणि १९८८ मधील एकशे सव्विसाव्या अहवालात त्याचा स्वतंत्रपणे परामर्श घेतला होता. तरीही खालच्या न्यायालयात निर्णय लागावयाचा, त्यावर अपील व्हावयाचे आणि अपील वर्षानुवर्षे पडून राहावयाचे, हा क्रम आजही परिचयाचा आहे.

दोन भावांत बांधावरून वाद झाला आणि तो अपिलापर्यंत गेला, तरी एखाद्या सकाळी गावातील चार शहाणी माणसे दोघांना एका ओसरीवर बसवू शकतात. दोघांनी मान डोलावली की वाद संपतो. शासनाच्या बाबतीत तसे होत नाही. मान डोलावणारा अधिकारी एक, पैसे मंजूर करणारा दुसरा, कायदेशीर अभिप्राय देणारा तिसरा आणि नंतर आक्षेप घेणारा लेखापरीक्षक चौथा. शासनाविरुद्धची अपिले समेटाने मिटत नाहीत याचे कारण कायद्यात तशी तरतूद नाही हे नव्हे. तरतुदी आहेत आणि त्या पुरेशा आहेत. अडते ते सहीपाशी.

अपील नेमके कोणाविरुद्ध?

गावपातळीवर 'अमक्या साहेबांवर अपील केले आहे' असे सर्रास बोलले जाते. या बोलण्यात तीन निरनिराळ्या गोष्टींची सरमिसळ होते आणि समेटाचा विचार करण्यापूर्वी ती सोडवणे आवश्यक आहे.

पहिल्या प्रकारात अधिकारी केवळ शासनाचे नाव धारण करतो. शासनाने करावयाच्या किंवा केलेल्या कामाबद्दल दावा असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ७९ प्रमाणे खरा पक्षकार राज्य हाच असतो. अधिकाऱ्याने पदाच्या नात्याने केलेल्या कृत्याबद्दल दावा असेल, तर आदेश २७ च्या नियम ५-अ प्रमाणे शासनालाही पक्षकार करावे लागते. अधिकाऱ्याची बदली झाली म्हणून असे अपील निकालात निघत नाही आणि नवा अधिकारी आला म्हणून ते त्याचे वैयक्तिक दुखणेही ठरत नाही.

दुसऱ्या प्रकारात अधिकारी हा न्याय देणारा असतो. फेरफार नोंदीच्या वादात तहसीलदाराने निर्णय दिला आणि नाराज पक्षकाराने उपविभागीय अधिकाऱ्याकडे अपील केले, तर वाद त्या पक्षकारात आणि त्याच्या भाऊबंदात असतो. तहसीलदार त्यात पक्ष नसतो. आपल्याच निर्णयाबाबत त्याने तडजोडीस बसणे म्हणजे न्यायाधीशाने आपल्या निकालाचा सौदा करण्यासारखे होईल. येथे समेट व्हावयाचा असेल तर तो मूळ पक्षकारांमध्येच व्हावा.

तिसरा प्रकार विरळ, परंतु नाजूक आहे. अधिकाऱ्याने द्वेषबुद्धीने किंवा स्वार्थासाठी कृत्य केले असा आरोप असतो. असा आरोप शासनाच्या पैशाने मिटविता येत नाही आणि मिटवूही नये. मध्यस्थीचा विचार मुख्यतः पहिल्या प्रकारच्या अपिलांसाठी आहे आणि पुढील विवेचन त्यांच्यापुरतेच समजावे.

कायद्याने काय सांगितले आहे

शासनाविरुद्ध दावा लावण्यापूर्वी कलम ८० प्रमाणे दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. तातडीची दाद हवी असल्यास न्यायालयाच्या परवानगीने नोटिशीविनाही दावा लावता येतो. पण नियम नोटिशीचाच आहे. या नोटिशीमागील हेतू अनेक कार्यालयांत विसरला गेला आहे. दावा रोखण्यासाठी घातलेला तो अडसर नव्हे. तक्रार रास्त असेल तर न्यायालयाबाहेरच तिची दाद लावता यावी यासाठी शासनाला दिलेली ती मुदत आहे. नोटिशीला उत्तरच न देणे, अथवा 'सर्व मजकूर अमान्य' अशा एका ओळीत ते संपविणे, ही प्रथा इतकी बळावली होती की, सर्वोच्च न्यायालयाने सेलम ॲडव्होकेट बार असोसिएशनच्या प्रकरणात २००५ मध्ये तिची दखल घेतली आणि अशा नोटिशींची योग्य उत्तरे वेळेत जावीत यासाठी जबाबदार अधिकारी नेमण्याचे निर्देश सर्व शासनांना दिले. आज अपिलात असलेल्या अनेक प्रकरणांची मुळे त्या दोन महिन्यांत शोधावी लागतील.

समेटाची तरतूदही जुनी आहे. १९७६ च्या दुरुस्तीने आदेश २७ मध्ये नियम ५-ब घालण्यात आला. तो १ फेब्रुवारी १९७७ पासून अंमलात आहे. शासन किंवा पदाच्या नात्याने वागणारा अधिकारी पक्षकार असेल अशा प्रत्येक दाव्यात वा कार्यवाहीत, प्रकरणाच्या स्वरूपाशी सुसंगत असेल तेथवर, पक्षकारांना समेट घडविण्यास साहाय्य करणे हे न्यायालयाचे प्रथम कर्तव्य होय, असे हा नियम सांगतो. समेटाची वाजवी शक्यता दिसल्यास न्यायालय त्यासाठी कामकाज तहकूब ठेवू शकते. कलम १०७ अन्वये अपील न्यायालयाला सामान्यतः मूळ न्यायालयाचेच अधिकार असतात. तेव्हा अपिलाच्या पायरीवर हा दरवाजा बंद होतो असे समजण्याचे कारण नाही. राज्याने नागरिकांशी असलेले वाद लढण्याच्या आवेशात नव्हे, तर समेटाच्या वृत्तीने हाताळावेत, ही अपेक्षा न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी त्याच दशकात पंजाब राज्याच्या एका प्रकरणात व्यक्त केली होती.

पुढे १ जुलै २००२ पासून संहितेचे कलम ८९ नव्या स्वरूपात लागू झाले आणि लवाद, सामोपचार, लोकअदालतीसह न्यायिक समझोता व मध्यस्थी हे मार्ग न्यायालयांना उपलब्ध झाले. या कलमाच्या मसुद्यात एक चमत्कारिक चूक राहिली होती. मध्यस्थी आणि न्यायिक समझोता यांच्या व्याख्यांची अदलाबदल झाली होती. सर्वोच्च न्यायालयाने ॲफकॉन्स प्रकरणात २०१० मध्ये ती उलगडून दाखविली आणि कोणती प्रकरणे समेटासाठी पाठवावीत व कोणती पाठवू नयेत याचे मार्गदर्शनही केले.

लवाद, लोकअदालत व मध्यस्थी हे शब्द एकाच अर्थाने वापरले जातात, ते बरोबर नाही. लवाद निर्णय देतो आणि तो पक्षकारांना बांधतो. मध्यस्थ निर्णय देत नाही. तो दोन्ही बाजूंना एकत्र व वेगवेगळे भेटतो, त्यांची खरी गरज काढून घेतो आणि शब्द जुळवून देतो. मध्यस्थापुढे बोललेले पुढे पुरावा म्हणून वापरता येत नाही. बोलणी फिसकटली तर 'समेट झाला नाही' एवढेच न्यायालयाला कळविले जाते. कोण अडून बसला हे सांगितले जात नाही. लोकअदालतीचे पॅनेल पक्षकारांच्या संमतीनेच निवाडा करते. संमती नसताना तिने गुणदोषांवर निर्णय देऊ नये, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये स्पष्ट केले आहे. पाणीपुरवठा, वीज, वाहतूक अशा सार्वजनिक सेवांसाठी २००२ च्या दुरुस्तीने आलेली कायम लोकअदालत तेवढी याला अपवाद आहे; समेट न झाल्यास ती निर्णयही देऊ शकते. मात्र तिच्याकडे वाद न्यायालयात जाण्यापूर्वीच न्यावा लागतो.

पहिली लोकअदालत गुजरातमधील जुनागढ जिल्ह्यात उना येथे १४ मार्च १९८२ रोजी भरली, तेव्हा तिच्यामागे कायद्याचे पाठबळ नव्हते. विधि सेवा प्राधिकरण अधिनियम १९८७ चा असला तरी अंमलात आला ९ नोव्हेंबर १९९५ रोजी. त्याच्या कलम २१ प्रमाणे लोकअदालतीचा निवाडा दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा समजला जातो, त्यावर अपील होत नाही आणि भरलेले न्यायालयीन शुल्क परत मिळण्याची तरतूद आहे. प्रलंबित अपीलही लोकअदालतीकडे पाठविता येते. त्यासाठी दोन्ही पक्षांनी मागणी केलीच पाहिजे असे नाही. एका पक्षाने अर्ज केला आणि समेटाची शक्यता असल्याची न्यायालयाची खात्री झाली, तरी दुसऱ्याचे म्हणणे ऐकून प्रकरण पाठविता येते.

एका मोरीचे उदाहरण

तत्त्वे उदाहरणाने अधिक स्पष्ट होतात. पुढील उदाहरण कल्पित आहे, पण ग्रामपंचायतीच्या कोणाही सदस्याला ते अनोळखी वाटणार नाही.

एका गावाजवळून जाणाऱ्या रस्त्याची सार्वजनिक बांधकाम विभागाने उंची वाढविली. जुनी मोरी भरावाखाली अर्धी बुजली. पूर्वी रस्त्याखालून ओढ्याला जाणारे पाणी आता एका शेतकऱ्याच्या दीड एकरात साचू लागले. पहिल्या वर्षी सोयाबीन कुजले, दुसऱ्या वर्षी पेरणीच झाली नाही. अर्ज झाले, पाहणी झाली, 'निधी उपलब्ध होताच' असे उत्तर आले. शेतकऱ्याने नोटीस देऊन वरिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशांकडे शासन व कार्यकारी अभियंता यांच्याविरुद्ध दावा लावला. न्यायालयाने मोरी पूर्ववत करण्याचा हुकूम केला आणि १,२०,००० रुपये नुकसानभरपाई, हुकूमनाम्याच्या तारखेपासून द. सा. द. शे. ६ व्याजासह, देवविली. विभागाने जिल्हा न्यायालयात अपील करून हुकुमाला तहकुबी मिळविली.

अपील चार वर्षे चालले तर केवळ व्याज २८,८०० रुपये होते. त्यात चार पावसाळ्यांचे नुकसान धरलेले नाही, कारण ते या दाव्याचा विषयच नाही. त्यासाठी शेतकरी दुसरा दावा लावील. विभागाच्या बाजूनेही अपील अगदीच निराधार नाही. नुकसानीचा पंचनामा तलाठ्याने उशिरा केला होता आणि रक्कम काहीशी जास्त धरली गेली असे म्हणता येईल. म्हणजे विभाग अपील जिंकला, तरी फार तर रक्कम कमी होईल; पाणी जेथे आहे तेथेच राहील.

मध्यस्थापुढे बसल्यावर प्रकरणाचे खरे रूप दिसू लागते. न्यायालयाने मोरी 'पूर्ववत' करण्यास सांगितले, कारण दाव्यात मागणीच तशी होती. पण रस्ता उंच झाल्यावर जुन्या जागी जुन्या मापाची मोरी कितपत पाणी काढील, याची खुद्द शेतकऱ्यालाही शंका आहे. पाण्याचा नैसर्गिक उतार तेथून चाळीस मीटर खाली आहे. उपविभागीय अभियंता सांगतो की, तेथे दोन मोठ्या नळ्यांची मोरी घातली तर खर्च थोडाच वाढेल. मात्र बांधाच्या कडेने चर काढण्यास शेतकऱ्याने पट्टा दिला पाहिजे. शेतकरी म्हणतो, पट्टा देतो, पण मृगापूर्वी काम झाले पाहिजे. न्यायालयाचा हुकूम मागणीच्या चौकटीत राहून द्यावा लागतो. समेट या चौकटीबाहेरची सोय करू शकतो. मध्यस्थीचे खरे मोल येथे आहे, केवळ रकमेची घासाघीस करण्यात नव्हे.

येथेच एक अडचणही उभी राहते आणि ती टाळून पुढे जाणारे समेट वर्षभरात मोडतात. नव्या मोरीतून निघणारे पाणी रस्त्यापलीकडील तिसऱ्याच शेतकऱ्याच्या कडेने ओढ्याकडे जाणार असते. तो अपिलात पक्षकार नाही. त्याला न विचारता केलेला तडजोडनामा म्हणजे एक अपील मिटवून दुसरा दावा निर्माण करणे होय. तेव्हा त्याला बोलावणे, ओढ्यापर्यंतचा चर पक्का करून देण्याची हमी देणे आणि तडजोडनाम्यावर त्याचीही सही घेणे अगत्याचे ठरते. सरपंच किंवा एखादा जुना शिक्षक येथे वकिलापेक्षाही उपयोगी पडतो, कारण कोणत्या शिवारातून पाणी कसे वाहत आले हे त्याला ठाऊक असते.

सही कोणी करावयाची?

अटी ठरल्या, आता सहीचा प्रश्न. शेतकरी तेथल्या तेथे सही करू शकतो. कार्यकारी अभियंत्याला मात्र ते शक्य नाही आणि त्याने तसे करूही नये. सरकारी वकिलालाही शासनाच्या सूचनेवाचून तडजोड मान्य करता येत नाही. पुष्कळ बैठका निष्फळ ठरतात त्या येथे. शासनातर्फे ज्याला 'हो' म्हणण्याचा अधिकार नाही आणि 'नाही' म्हणण्याचा धोका नाही असा कनिष्ठ कर्मचारी तारखेला हजर राहतो, 'वरिष्ठांकडे कळवितो' असे सांगतो आणि पुढची तारीख घेतो. तीन तारखांनंतर समोरच्याचा विश्वास उडतो.

यावर उपाय अवघड नाही. मध्यस्थीची पहिली तारीख लागण्यापूर्वीच विभागाने सक्षम प्राधिकाऱ्याकडे टिप्पणी पाठवून, कोणत्या मर्यादेपर्यंत समेट करता येईल याची लेखी पूर्वसंमती घ्यावी. रक्कम, काम, मुदत व व्याज यांचा त्यात स्वतंत्र उल्लेख असावा. अंतिम मसुदा विधि व न्याय विभागाच्या अभिप्रायासह मंजूर होईपर्यंतचा अवधी मध्यस्थाला प्रारंभीच सांगून ठेवावा. सहीला लागणाऱ्या विलंबापेक्षा तो लपविण्याने अधिक बिघडते.

टिप्पणीत काय लिहावे हे अधिक महत्त्वाचे. लेखापरीक्षणाची भीती निराधार नसते. एखाद्या खाजगी इसमाला शासनाने पैसे का दिले, हा प्रश्न विचारला जाणारच आणि विचारला गेलाही पाहिजे. त्याचे उत्तर टिप्पणीतच हवे. हुकूमनाम्याची रक्कम, अपील प्रलंबित असताना वाढणारे व्याज, वकिलाची फी, अपील पूर्णतः यशस्वी होण्याची कितपत शक्यता आहे याबद्दल सरकारी वकिलाचे स्पष्ट मत, आणि समेटाने शासनाचा नेमका किती भार वाचतो हे आकड्यांत मांडावे. वरील उदाहरणात शेतकऱ्याने व्याज सोडले आणि चराचा पट्टा विनामोबदला दिला; या दोन बाबी टिप्पणीत रुपयांत दाखविता येतात. कारणांसह घेतलेला निर्णय पुढे चुकीचा वाटला तरी तो प्रामाणिक होता हे कागदावरून सिद्ध होते. अपील चालू ठेवण्याच्या निर्णयाला मात्र कोणीच कारण विचारीत नाही, ही आपल्या कार्यपद्धतीतील उणीव म्हणावी लागेल.

संसदेने केलेल्या मध्यस्थी अधिनियम, २०२३ मध्येही हीच दिशा दिसते. त्याची पहिली काही कलमे ९ ऑक्टोबर २०२३ पासून अंमलात आली. शासन किंवा स्थानिक संस्था पक्षकार असेल तेथे सक्षम प्राधिकाऱ्याची लेखी पूर्वसंमती मिळाल्यावरच समझोत्यावर सही व्हावी, असे हा कायदा सांगतो. व्यापारी स्वरूपाचे नसलेले शासकीय वाद या कायद्याखाली आणावयाचे तर संबंधित शासनाने तशी अधिसूचना काढणे आवश्यक आहे.

जेथे समेट करू नये

प्रत्येक अपील समेटाला योग्य असते असे नाही. शासनाविरुद्ध मालकी हक्क जाहीर करून मागणारे दावे सामान्यतः समेटासाठी पाठवू नयेत, असे ॲफकॉन्स निर्णयात सांगितले आहे. कारण उघड आहे. सरकारी जमीन कोणा एका अधिकाऱ्याची नसते. गायरान, गावठाणातील मोकळी जागा, स्मशानभूमी, तळे यांवरील अतिक्रमणाच्या प्रकरणांत ग्रामपंचायत सदस्यांनी विशेष सावध असावे. 'थोडी जागा त्याला, थोडी गावाला' हा तोडगा गावच्या पारावर शहाणपणाचा वाटतो. परंतु सामाईक जमिनींवरील अशी अतिक्रमणे नियमित करण्याच्या प्रवृत्तीवर सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये जगपाल सिंग प्रकरणात कडक शब्दांत टीका केली आणि ती हटविण्यासाठी योजना आखण्याचे निर्देश राज्यांना दिले.

निवडणुकीचे वाद, गंभीर लबाडीचे आरोप आणि अज्ञान व्यक्तींचे हितसंबंध गुंतलेली प्रकरणे न्यायालयाच्याच देखरेखीखाली राहिली पाहिजेत. शिक्षकांच्या व कर्मचाऱ्यांच्या सेवाविषयक प्रकरणांत भेद करावा लागतो. थकीत वेतन, वेतनवाढ, निवृत्तिवेतनाची चुकलेली गणना ही प्रकरणे समेटाला अत्यंत योग्य. हिशेब एकदा बरोबर मांडला की वाद उरतच नाही. ज्येष्ठतेचे मात्र तसे नाही. एकाला वर सरकविले की दुसरा खाली येतो आणि तो बैठकीत नसतो.

तडजोडनाम्यानंतर

न्यायालयाने पाठविलेल्या मध्यस्थीत समेट झाला, तर लेखी व सह्या असलेला तडजोडनामा न्यायालयापुढे जातो आणि आदेश २३ च्या नियम ३ प्रमाणे त्यावर हुकूमनामा होतो. संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर अपील नाही. 'लवकरात लवकर' आणि 'निधीच्या उपलब्धतेनुसार' हे दोन शब्दप्रयोग या मसुद्यातून कटाक्षाने वगळावेत. काम कोणते, कोणत्या मापाचे, कोणत्या तारखेपर्यंत, रक्कम कोणत्या लेखाशीर्षातून आणि कोणाच्या खात्यावर, हे स्पष्ट लिहावे. मोरीच्या प्रकरणात '३१ मे पूर्वी' असे लिहिणे आणि 'पावसाळ्यापूर्वी' असे लिहिणे यांत एका पिकाचे अंतर पडू शकते.

कलम ८२ प्रमाणे शासनाविरुद्धचा हुकूमनामा त्याच्या तारखेपासून तीन महिने अपूर्ण राहिल्याखेरीज त्याची दरखास्त चालविता येत नाही. ही सवलत रक्कम काढण्यास लागणारा वेळ लक्षात घेऊन दिलेली आहे. तीन महिने स्वस्थ बसण्याची ती मुभा नव्हे. महिला, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती, अपंग व्यक्ती यांना अशा दरखास्तीसाठीही मोफत वकील मिळू शकतो. त्यासाठी तालुका विधि सेवा समितीकडे किंवा जिल्हा विधि सेवा प्राधिकरणाकडे साधा अर्ज पुरतो. ही माहिती ग्रामपंचायतीच्या फलकावर कायम असावयास हवी.

समेट केलेला अधिकारी बहुधा काम पूर्ण होईपर्यंत त्या जागेवर राहत नाही. त्याच्या जागी आलेल्याला प्रकरण 'निकाली' एवढेच दिसते आणि धारिका अभिलेखागारात जाते. म्हणून तडजोडनाम्याची प्रत, मंजूर टिप्पणी आणि पूर्ततेची तारीख यांची नोंद कार्यभार हस्तांतरणाच्या यादीत स्वतंत्रपणे करावी. आणि काम झाल्यावर शेतकऱ्याच्या सहीचा पूर्तता दाखला सरकारी वकिलामार्फत न्यायालयात दाखल करावा. तोपर्यंत प्रकरण चालू नोंदवहीतून कमी करू नये.